ओल्या लाकडाचे डाव, उलथणी आणि एक तिवई: जून ते होळी वापरून

ताज्या तोडलेल्या, न वाळवलेल्या लाकडात काम करायची हत्यारं मी गेल्या जूनमध्ये जमवली. तेव्हापासून होळीपर्यंत ती बहुतेक रोज हातात होती. ज्यांना मशीन नको, घरात लाकडाची धूळ नको, पण स्वतःच्या हाताने वापरायची वस्तू करायची आहे, त्यांना हे मी मनापासून सुचवेन. मात्र हे आधी समजून घ्या की कोरणं जमतं, कस लागतो तो वाळवण्यात. वडोदऱ्याच्या हवेत तर फारच.

हत्यारं मोजकीच लागतात: छोटी कुऱ्हाड, करवत, बोटभर पात्याची सरळ सुरी आणि डावाची वाटी कोरायला वाकडी सुरी. ओंडका फोडण्यासाठी वाडीतल्या एका लोहाराकडून ट्रकच्या कमानीच्या पाट्याचा लांब पाता करून घेतला. त्याच्या एका टोकाला उभा दांडा आहे. पाता ओंडक्याच्या तोंडावर ठेवायचा, मोगरीने ठोकायचा, आत गेला की दांडा पिळायचा. लाकूड आपल्या रेषेने उभं फाटतं. सगळं मिळून पाच हजारांच्या आत बसलं. पहिली वाकडी सुरी ऑनलाइन घेतली होती, तिचं पोलाद मऊ निघालं आणि बाभळीच्या पहिल्याच तुकड्यावर धार वळली. दुसरी त्याच लोहाराने पाणी देऊन केली, ती आजही उत्तम चालते. रोज कामाआधी चामड्याच्या पट्टीवर पॉलिशची पेस्ट लावून दहा-बारा वेळा ओढायची, निसण्यावर महिन्यातून एखादवेळा. पावसाळ्यात कार्बन पोलादाच्या पात्यावर एका रात्रीत गंज धरतो, म्हणून काम संपलं की पुसून तेलाचं बोट फिरवणं चुकवायचं नाही.

आमच्या ओळखीच्या सुतारकाकांनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, "बहेन, लीलुं लाकडुं फाटशे," म्हणजे ताई, ओलं लाकूड फाटेल. त्यांचं म्हणणं त्यांच्या कामापुरतं बरोबर आहे. दार-चौकटीला ओलं लाकूड वापरलं तर सांधे उघडणारच. जवळच्या संखेड्याचे खरादी लेथवर लाखेचे रंग चढवतात, तेही मुरलेल्या सागावर. पण डाव, उलथणं, सुरीची मूठ, स्टुलाचे पाय अशा वस्तूंना ओलं लाकूडच सोयीचं. पाण्याने तंतू मऊ असतात, सुरी लोण्यातून जावी तशी जाते, भुसा उडत नाही, नुसत्या ढलप्या पडतात आणि त्या केरसुणीने गोळा होतात. फ्लॅटच्या गॅलरीत काम करणाऱ्याला याची किंमत कळेल. शिवाय करवतीऐवजी फोडून काढलेल्या तुकड्यात तंतू या टोकापासून त्या टोकापर्यंत अखंड राहतात, म्हणून डावाचा बारीक दांडाही पटकन मोडत नाही.

आता वाळवणं. लाकडातला ओलावा साधारण ३० टक्क्यांच्या खाली गेला की ते आकसू लागतं, त्याच्या वर असेपर्यंत कितीही पाणी उडालं तरी माप बदलत नाही. आणि आकसणं सगळीकडून सारखं नसतं. वाढीच्या वर्तुळांच्या कडेने ते जितकं आकसतं, त्याच्या जवळपास निम्मंच गाभ्याकडून सालीकडे आकसतं. लांबीत तर जवळजवळ नाहीच. म्हणून अखंड गोल ओंडका वाळताना गाभ्यापर्यंत चिरतो. उपाय एकच: फोडून दोन किंवा चार फाका करायच्या आणि गाभ्याची रेघ काढून टाकायची. गाभा ठेवून केलेला डाव कितीही देखणा असो, फुटतोच.

वडोदऱ्याचा मे आणि वडोदऱ्याचा ऑगस्ट ही दोन वेगळी गावं समजा. हवेत ३० टक्के दमटपणा असेल तर लाकूड साधारण ६ टक्के ओलाव्यावर थांबतं, ८० टक्के असेल तर १६ च्या आसपास. उन्हाळ्याच्या झळांत वरचा थर झटकन वाळतो, आतला ओलाच राहतो आणि पृष्ठभागावर बारीक चिरा पडतात. त्यामुळे तेव्हा कोरलेला डाव मी त्याच्याच ढलप्यांत पुरून कागदी पिशवीत, पंख्यापासून दूर ठेवते. पावसाळ्यात उलट त्रास: ढलप्यांत ठेवला तर बुरशीचे काळे ठिपके येतात, म्हणून उघड्यावर जाळीच्या टोपलीत. वाळला की नाही ते हाताला कळत नाही, स्वयंपाकघरातला वजनकाटा सांगतो. एक मोठा डाव १४० ग्रॅमवरून ९० च्या आसपास आला आणि तिथेच थांबला. वजन रोज तेच दिसू लागलं की तो झाला. अर्धवट राहिलेलं काम ओल्या फडक्यात गुंडाळून प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून फ्रिजमध्ये ठेवते.

झाड तोडायचा प्रश्न येत नाही. वादळानंतर पडलेल्या आणि छाटलेल्या फांद्या पुरून उरतात. दांडिया बाजारातल्या आमच्या जुन्या घरामागच्या पेरूचं लाकूड मला सगळ्यांत आवडलं: घट्ट, एकसारखं, धारेखाली चकाकणारं. कडुनिंब भरपूर मिळतो, कोरायलाही बरा, पण त्याचा कडूपणा पहिले काही दिवस आमटीत उतरतो. तो डाव आधी दोन-तीनदा उकळून घ्यावा. आंबा मऊ, त्याला भुंगा लवकर लागतो, आणि चिकाने हाताला खाज सुटणाऱ्यांनी जपून. बाभूळ ओली असतानाच कोरून घ्या, वाळली की सुरी दमते. गुलमोहर ठिसूळ, सोडून द्या. आणि कण्हेर, पांढरी, लाल, पिवळी कुठलीही, खाण्याच्या भांड्याला कधीही वापरू नका, तिचं सगळं झाड विषारी आहे.

खरी परीक्षा स्वयंपाकघरात. सासूबाईंनी होळीला पुरण आटवायला पेरूचं उलथणंच हातात घेतलं, तळाला लागू दिलं नाही, आणि "याची कड पातेल्याच्या तळाला बरोबर बसते," म्हणाल्या. कड तशीच कोरली होती, आमच्या पितळी पातेल्याच्या गोलाईने. असं उलथणं बाजारात मिळणार नाही. तेल मी अळशीचं कच्चं लावते, कारण ते हवेने घट्ट होतं. शेंगदाण्याचं किंवा मोहरीचं तसं होत नाही, त्याला पुढे खवट वास येतो. रंगाच्या दुकानातलं 'बॉइल्ड' तेल खाण्याच्या वस्तूला नको, त्यात सुकवणारी धातूची संयुगं असतात. आणि तेलाने भिजलेली चिंधी चुरगाळून टाकू नका, ती आपोआप तापून पेटू शकते. दोरीवर पसरून वाळवा, मग फेका.

तिवईबद्दल सांगितल्याशिवाय राहवत नाही. अमेरिकेच्या अपालाचियन डोंगराळ भागातले खुर्ची करणारे जुन्या काळापासून एक युक्ती वापरतात: आडवी दांडी कडक वाळवायची, पाय थोडे ओले ठेवायचे. भोकात दांडी ठोकली की पुढे पाय आकसतो आणि दांडीला घट्ट धरतो. दांड्यांची टोकं मी कढईतल्या गरम वाळूत वाळवली. पाय बाभळीचे, अर्धे सुकलेले. अगदी ओले घेतले असते तर भोकाशी चिरले असते. खिळा नाही, गोंद नाही. डिसेंबरच्या कोरड्या हवेतही एकही सांधा हलला नाही, आणि माझे सासरे रोज सकाळी तिच्यावर बसून पेपर वाचतात.

उणं म्हणाल तर गॅलरीत ठोकण्याचा आवाज होतो, दुपारी शेजारी झोपतात तेव्हा फोडकाम बंद ठेवावं लागतं. मोठी काठवट या हत्यारांनी जमत नाही, तिला वाकस, म्हणजे लाकूड तासायचं आडव्या पात्याचं हत्यार, आणि बसायला अंगण हवं. डाव्या हाताच्या माणसाने वाकडी सुरी मागवताना डाव्या हाताचीच मागवावी, दुकानात ती क्वचितच मिळते. सुरुवात करणार असाल तर कुऱ्हाड साधी चालेल, पैसे वाकड्या सुरीवर घाला, आणि पहिलं लाकूड मनगटाएवढ्या जाडीच्या पेरूच्या फांदीचं घ्या.