कॅसँड्रा घ्यायचं की कॉक्रोचडीबी? ट्रान्झॅक्शन लागणार असतील तर आधी हे बघा

एका मशीनवर डेटा मावेना म्हणून अनेक मशीनवर डेटा वाटून ठेवणाऱ्या डेटाबेसपैकी कॅसँड्रा की कॉक्रोचडीबी असा विचार चालू असेल तर बेंचमार्क जरा बाजूला ठेवा. आधी हे तपासा की तुमच्या ॲपमध्ये जुनी व्हॅल्यू वाचून त्यावरून नवी लिहायची अशी कामं किती आहेत. खात्यातली शिल्लक, स्टॉक, सीट बुकिंग सगळं त्यातच येतं. हीच कामं मुख्य असतील तर माझं मत सरळ कॉक्रोचला.

कॅसँड्रात लीडर (सगळी राइट घेणारं मुख्य मशीन) नसतो, कुठलाही नोड, म्हणजे गटातलं कुठलंही मशीन, राइट घेतो, आणि किती कॉपींनी हो म्हटल्यावर काम झालं समजायचं ते दर क्वेरीला तुम्ही ठरवता: वन (एक), क्वोरम (बहुमत), ऑल (सगळ्या). 3 कॉपी असताना लिहिताना 2 आणि वाचताना 2 धरल्या की निदान एक कॉपी दोन्हीकडे येतेच, म्हणून ताजं वाचायला मिळतं. इथपर्यंत ठीक, पण बरेच जण यावरून धरून चालतात की क्वोरम लावलं म्हणजे ट्रान्झॅक्शन (वाचणं-लिहिणं मध्ये दुसरं कोणी न घुसता एकसंध होणं) मिळालं, आणि ते अजिबात खरं नाही! समजा दोन रिक्वेस्टनी एकाच वेळी शिल्लक 1000 वाचली, एकीने 300 वजा करून 700 लिहिले, दुसरीने 400 वजा करून 600 लिहिले, तर ज्याचा टाइमस्टॅम्प मोठा ते राहतं, दुसरं गायब, एरर कुठेच येत नाही. शिवाय एखाद्या मशीनचं घड्याळ पुढे असेल तर तिचं आधीचं राइट दुसरीच्या नंतरच्या राइटवर मात करतं. आणि राइट टाइमआउट झालं म्हणजे रद्द झालं असंही नाही, एखाद्या कॉपीवर पोचलं असेल तर रोलबॅक होत नाही, ते पुढे रिपेअरमधून (कॉपी एकमेकींशी जुळवून घेण्याच्या कामातून) सगळीकडे पसरू शकतं.

यावर उपाय म्हणून लाइटवेट ट्रान्झॅक्शन (अट खरी असेल तरच लिहायचं) आहेत, 2013 च्या 2.0 पासून, आत पॅक्सॉस ही नोडमध्ये एकमत करायची पद्धत वापरतात, पण एका पार्टिशनपुरतीच (एकाच कीखालच्या डेटापुरतीच) चालतात आणि मूळ पद्धतीत नोडमध्ये जाऊन-येऊन चार फेऱ्या (राउंड ट्रिप) लागतात. कधीमधी युजरनेम युनिक ठेवायला छान, दर ऑर्डरला लावायला नको.

कॉक्रोचमध्ये डेटा रेंजमध्ये (सलग कींच्या तुकड्यांत) वाटलेला असतो, प्रत्येक रेंजच्या कॉपींचा आपला राफ्ट ग्रुप (राफ्ट हीसुद्धा एकमत करायची पद्धत), आणि बहुमताने लिहिल्याशिवाय कमिट नाही. अनेक रेंजवर पसरलेलं ट्रान्झॅक्शनही चालतं आणि आयसोलेशन डिफॉल्टलाच सिरियलायझेबल, म्हणजे ट्रान्झॅक्शन एकामागून एक चालल्यासारखाच निकाल. वरचं शिल्लकीचं उदाहरण एका ट्रान्झॅक्शनमध्ये इथे केलं तर राइट गुपचूप हरवत नाही, एकाला थांबावं लागतं किंवा 40001 एरर येते आणि ते ट्रान्झॅक्शन पहिल्यापासून पुन्हा चालवावं लागतं, तेव्हा रिट्रायचा कोड पहिल्या दिवसापासून लिहा. घड्याळांचंही बघा: गूगलचा स्पॅनर जीपीएस आणि अणुघड्याळं वापरून अनिश्चितता संपेपर्यंत कमिट थांबवतो, कॉक्रोच साध्या एनटीपीवर (नेटवर्कवरून घड्याळ जुळवण्याची पद्धत) चालतो, घड्याळांमधल्या फरकाची मर्यादा डिफॉल्ट 500 मिलिसेकंद, आणि नोडचं घड्याळ फार भरकटलं तर तो नोड स्वतःच बंद होतो. मला हे फार आवडतं, चुकीचा डेटा देण्यापेक्षा थांबलेलं बरं.

पण याची किंमत आहेच. 3 पैकी 2 कॉपी गेल्या की कॉक्रोचची ती रेंज अडते, कॅसँड्रा वनवर लिहीत राहतो. आणि फायबरमध्ये 10,000 किलोमीटर अंतर असेल तर जाऊन-येऊन निदान 100 मिलिसेकंद, बहुमतासाठी तेवढ्या लांब जावं लागलं तर प्रत्येक कमिटला तेवढं धरायचं. म्हणून लॉग, सेन्सर रीडिंग, मेसेज हिस्टरी असलं नुसतं भर घालत जायचं काम असेल तर बिनधास्त कॅसँड्रा घ्या. फक्त रिपेअर चुकवू नका, डिलीटच्या खुणा डिफॉल्ट 10 दिवस टिकतात, त्याआधी रिपेअर झालं नाही तर डिलीट केलेला डेटा परत उगवू शकतो.

लायसन्सचं थोडक्यात, कॅसँड्रा अपाचे लायसन्सवर आहे, कॉक्रोचने 2024 मध्ये अटी बदलल्यात, त्या वाचून घ्या.

आणि राइट एका मशीनला झेपत असतील तर पोस्टग्रेस हा नेहमीचा एका मशीनवरचा डेटाबेसच ठेवा की! फक्त रेप्लिकेशन डिफॉल्ट असिंक असतं (दुसऱ्या मशीनवर कॉपी पोचायची वाट बघत नाही), फेलओव्हरला, म्हणजे मुख्य मशीन पडून दुसऱ्यावर जाताना, शेवटची काही कमिट जाऊ शकतात, पैशाचं काम असेल तर सिंक्रोनस स्टँडबाय (कॉपी पोचल्यावरच कमिट) लावा.

काहीही निवडा, ट्रायलला शंभरेक क्लायंटकडून एकाच रोमधून वजाबाकी करवा, मध्येच एक नोड किल करा, आणि यशस्वी म्हणून आलेल्या वजाबाक्या आणि उरलेली शिल्लक यांचा मेळ घालून बघा. टाइमआउट झालेल्या वेगळ्या मोजा, त्या लागल्याही असतील नाही तर नसतीलही.