व्हिनाईल ग्लोव्ह्ज: पाच-दहा मिनिटांच्या कामाला उत्तम, पुढे भरवसा नको

शंभर नगांच्या खोक्यातले पारदर्शक, बिनपावडरचे व्हिनाईल ग्लोव्ह्ज स्वस्त पडतात, म्हणून वाटेल त्या कामाला वापरले जातात. गडबड तिथेच होते.

व्हिनाईल म्हणजे पीव्हीसी. मुळात कडक असलेले हे प्लास्टिक प्लास्टिसायझर घालून मऊ करतात, पण रबराची लवचीकता त्यात येत नाही. एएसटीएम या मानके ठरवणाऱ्या अमेरिकी संस्थेच्या मानकानुसार वैद्यकीय तपासणीचा व्हिनाईल ग्लोव्ह तुटण्याआधी किमान ३०० टक्के ताणला गेला पाहिजे. नायट्राइलला, म्हणजे कृत्रिम रबराच्या ग्लोव्हला, ही अट ५०० टक्के आहे. परिणाम लगेच जाणवतो: मनगटाशी ढिला, बोटांच्या टोकांशी फुगलेला, आणि मूठ वारंवार वळली की अंगठ्याच्या बेचक्यात चिरतो. चिकटपट्टी हाताळायची असेल तर नकोच. दोन मापांत अडकलात तर मोठे घ्या. हात पूर्ण कोरडे करून, नखे कापलेली असताना घाला. ओल्या हातावर ओढताना निम्मे तिथेच फाटतात.

केसांना डाय लावणे, मलम चोळणे, धूळ झाडणे, कचरा उचलणे, कोरडे खाद्यपदार्थ वाढणे ही यांची खरी कामे. लॅटेक्सची ॲलर्जी असणाऱ्यांना तर सोयीचेच, कारण यात रबराची प्रथिने नसतात. तेलकट किंवा गरम पदार्थांना मात्र लावू नका: प्लास्टिसायझर चरबीत विरघळतो आणि पदार्थात उतरतो. ॲसिटोन, थिनर यांच्यासमोर तर हे ग्लोव्ह्ज टिकतच नाहीत. रक्ताशी संबंध येणार असेल तर नायट्राइल घ्या.

खोक्यावर एक्यूएल आकडा शोधा, म्हणजे सदोष नगांची मान्य मर्यादा. १.५ असेल तर छिद्रांबाबतची चाळणी कडक, ४.० असेल तर सैल. घरीही तपासता येते: ग्लोव्हमध्ये एक लिटर पाणी भरा, बाहेरून पुसा, मनगट आवळून दोन मिनिटे टांगा. थेंब बहुधा बोटांच्या मधल्या खाचांत दिसतो.

काढताना पहिल्याची कड बाहेरून धरून उलटा करा, दुसऱ्या मुठीत गोळा करा, मग उघडे बोट दुसऱ्याच्या आत घालून तोही उलटवा. धुऊन पुन्हा वापरण्याची काटकसर इथे चालत नाही. आणि जाळू तर मुळीच नका, पीव्हीसी जळताना हायड्रोजन क्लोराइड वायू सुटतो.