एचपी 12सी की बीए टू प्लस?

सीएफए या गुंतवणूक विश्लेषकांच्या परीक्षेला कॅल्क्युलेटरच्या दोनच घराण्यांना परवानगी आहे: एचपी 12सी आणि टेक्सास इन्स्ट्रुमेंट्सचा बीए टू प्लस. नवशिक्याने बीए टू प्लस घ्यावा, असं माझं मत.

12सी 1981 पासून बाजारात आहे. त्यावर बरोबरचं (=) बटणच नाही. 2 आणि 3 ची बेरीज करायची तर 2, एंटर, 3, मग अधिक. हात बसला की कंस लागत नाहीत, पण तोवर चिडचिड होते.

बीए टू प्लस ओळखीचा वाटतो, तरी सापळा आहेच. नव्या यंत्रावर 2 + 3 × 4 केलं तर उत्तर 20 येतं! फॉरमॅटमध्ये जाऊन ‘चेन’ (आकडे येतील त्या क्रमाने हिशोब) ऐवजी ‘एओएस’ (आधी गुणाकार, मग बेरीज) निवडा, मग 14 येईल. वर्षाला हप्ते किती, ही सेटिंगही तपासा. ती 12 वर असताना मासिक दर भरला की यंत्र त्याला पुन्हा 12 ने भागतं आणि सगळंच चुकतं.

गृहकर्जाचं उदाहरण घ्या. 30 लाख, 9 टक्के, 20 वर्षं: दोन्हीवर हप्ता 26,991.78 रुपये, उणे चिन्हासह, कारण पैसे खिशातून जातात. आता हप्ता 30,000 केला तर कर्ज किती महिन्यांत फिटेल? बीए टू प्लस 185.53 सांगतो, 12सी सरळ 186. तो महिने वरच्या पूर्णांकात नेतो. बँकेच्या हिशोबाला ते चालतं. परीक्षेत अपूर्णांक हवा असेल तर अडचण.

लाखांचे स्वल्पविराम मात्र दोघांनाही कळत नाहीत.