हिरोडोटस : आठ महिने वापरल्यानंतर

आधी तक्रार सांगून टाकते, म्हणजे पुढे मोकळेपणाने बोलता येईल. हिरोडोटस या प्राचीन ग्रीक इतिहासकाराचं जाडजूड पुस्तक, नकाशांसकट इंग्रजी भाषांतर, किंमत खिशाला चिमटा काढणारी. आणि सातव्या भागापाशी पाठीतून पानं सुटायला लागली. पर्शियाचा, म्हणजे इराणचा, राजा झर्क्सिस याची फौज ग्रीसकडे निघाली आणि इकडे माझ्या हातातून सोळा पानं निसटून रिक्षात पडली. फेविकॉल लावून, वर पोळपाट ठेवून रात्रभर दाबून ठेवलं. आता ती पानं बाकीच्या पुस्तकापेक्षा जरा बाहेर डोकावतात. प्रकाशकाचं नाव घेत नाही, पण पावसाळ्यात पिशवीत घालून फिरवायचं असेल तर प्लास्टिकचं कव्हर घालाच.

मी जिल्हा न्यायालयात लघुलेखक आहे. साक्षीदार पिंजऱ्यात उभा राहतो, बोलतो, साहेब सांगतात, मी टिपते. अठरा वर्षं हेच. त्यामुळे 'इतिहासाचा जनक' वगैरे पदवीचं मला फार अप्रूप नव्हतं. ती पदवी रोमन वक्ता सिसेरो याने दिली, हिरोडोटस गेल्यावर जवळजवळ चारशे वर्षांनी. मी पुस्तक घेतलं ते निव्वळ युद्धाच्या गोष्टी वाचायच्या म्हणून. पहिल्याच पानावर थबकले, कारण तिथे लढाई नव्हतीच. तिथे दोन पक्षांचं म्हणणं होतं.

ग्रीक आणि पर्शियन यांच्यात वैर कसं सुरू झालं, हा प्रश्न. पर्शियन म्हणतात, फिनिशियन (आजच्या लेबनॉनच्या किनाऱ्यावरच्या) व्यापाऱ्यांनी अर्गोस या ग्रीक नगराची राजकन्या आयो पळवली, तिथून सगळं सुरू झालं. फिनिशियन म्हणतात, आम्ही जबरदस्ती केलीच नाही. तिचे जहाजाच्या कप्तानाशी संबंध होते, दिवस गेले, आईबापांना तोंड कसं दाखवायचं म्हणून ती आपणहून निघून आली. आता हे वाचल्यावर मला हसू आवरेना. असले दोन जबाब मी वर्षाला किती टिपते विचारू नका! आणि हिरोडोटस यावर काय म्हणतो? हे असं घडलं की तसं, यात मी पडत नाही. ग्रीकांची पहिली कुरापत नक्की कोणी काढली हे मला ज्याच्याबद्दल माहीत आहे, त्याच्यापासून सुरुवात करतो. तो म्हणजे लिडियाचा (आजच्या तुर्कस्तानातल्या एका राज्याचा) राजा क्रीसस. देवदेवतांच्या काळातली भानगड बाजूला, माणसांच्या आठवणीतला माणूस पुढे.

त्याच्या पहिल्या वाक्यात 'हिस्टोरिए' हा शब्द आहे. त्या वेळी त्याचा अर्थ 'इतिहास' नव्हताच, 'चौकशी' असा होता. हालिकार्नाससच्या हिरोडोटसने केलेली चौकशी. (ते गाव म्हणजे आजच्या तुर्कस्तानातलं बोद्रुम.) आपल्याकडे 'बखर' हा शब्द 'खबर'पासून आला असं म्हणतात, ते आठवलं. चौकशी काय, खबर काय, दोन्ही माणसाला विचारूनच मिळतात.

महिना-दीड महिना वापरल्यावर लक्षात आलं की या पुस्तकातला खरा ऐवज गोष्टींच्या कडेला असतो. इजिप्तवरचा दुसरा भाग घ्या. मेम्फिसच्या पुजाऱ्यांनी त्याला काही सांगितलं. तर तो तेवढ्यावर थांबत नाही. थीब्ज आणि हेलिओपोलिसला जातो, कशासाठी? तिथले पुजारी तेच सांगतात का हे बघायला. ही उलटतपासणीच झाली. पुढे एका ठिकाणी तर तो थांबून बजावतो की इथपर्यंत मी डोळ्यांनी पाहिलेलं, माझा तर्क आणि माझी चौकशी. इथून पुढे इजिप्शियनांनी सांगितलं तसं. म्हणजे 'हे माझ्या माहितीप्रमाणे खरं' आणि 'हे मला सांगण्यात आलं' यांच्यात त्याने रेघ मारली. इसवी सनापूर्वी पाचव्या शतकात! आमच्याकडे आजही शिकलेसवरलेले साक्षीदार ऐकीव आणि पाहिलेलं एका दमात सांगून मोकळे होतात.

त्याआधी कोणी लिहीतच नव्हतं असं नाही. मिलेटसचा हेकाटेअस होता, ग्रीकांच्या गोष्टी पुष्कळ आणि हास्यास्पद आहेत असं रोखठोक लिहिणारा. पण त्यालाही हिरोडोटसने एका गोष्टीत गाठलंय. हेकाटेअसने थीब्जच्या पुजाऱ्यांपुढे मिरवलं की माझा सोळावा पूर्वज देव होता. पुजाऱ्यांनी त्याला देवळात नेलं आणि लाकडी पुतळ्यांची रांग दाखवली. एकेका प्रमुख पुजाऱ्याचा एकेक पुतळा, बापानंतर मुलगा, असे ३४५. त्यातला एकही देव नव्हता. कुळाचा अभिमान सांगणाऱ्या प्रत्येकाला मी ही गोष्ट ऐकवते. आमच्या भावकीत दोघांनी बोलणं कमी केलंय.

आता न पटलेलं. आकडे. झर्क्सिसचं पायदळ सतरा लाख, आणि ते मोजलं कसं, तर दहा हजार माणसं दाटीवाटीने उभी केली, भोवती रेघ ओढली, बेंबीइतकी भिंत बांधली आणि मग तेवढ्या जागेत पुन्हा पुन्हा माणसं भरली. १७० वेळा. आरमार, वाटेत सामील झालेले, नोकरचाकर सगळे धरून बेरीज ५२,८३,२२०. शेवटचे वीस कोण असतील याचा मी बराच विचार केला. आजचे अभ्यासक हा आकडा काही लाखांच्या पलीकडे जाऊ देत नाहीत. पिरॅमिडवरच्या लेखाचंही तेच. मजुरांच्या मुळा, कांदा आणि लसणावर १,६०० टॅलंट (हे तेव्हाचं वजनाचं माप) चांदी खर्च झाली असं तिथे कोरलंय, असं त्याला दुभाष्याने सांगितलं. हिरोडोटसला ती लिपी येत नव्हती. दुभाष्याला तरी येत होती का? पण बघा, 'दुभाष्याने सांगितलं' हे त्याने लिहून ठेवलं, म्हणून तर आज आपण दुभाष्यावर संशय घेऊ शकतो.

भारताबद्दलचा मजकूर आपण उत्सुकतेने उघडणारच. तिसऱ्या भागात सोनं उकरणाऱ्या मुंग्या आहेत, कुत्र्यापेक्षा लहान, कोल्ह्यापेक्षा मोठ्या. उत्तरेकडचे भारतीय लोक भर उन्हात, मुंग्या बिळात असताना, तीन-तीन उंट घेऊन जातात, वाळू पोत्यात भरतात आणि पळ काढतात. मी आधी खो खो हसले. मग कळलं की महाभारताच्या सभापर्वात युधिष्ठिराच्या राजसूयाला उत्तरेकडच्या राजांनी जे सोनं आणलं, त्याचं नाव 'पिपीलिक', मुंग्यांनी वर काढलेलं. दोन टोकांना एकच वदंता! मिशेल पेसेल या फ्रेंच अभ्यासकाने पुढे असं मांडलं की या मुंग्या म्हणजे आजच्या पाकिस्तानच्या ताब्यातल्या देवसाई पठारावरचे मार्मोट, बिळं उकरणारे गुबगुबीत प्राणी. खरंखोटं तज्ज्ञ बघतील. मला आवडलं ते एवढंच, की मुंग्या पाठलाग करतात हे सांगताना हिरोडोटस 'असं पर्शियन म्हणतात' हे जोडायला विसरत नाही. त्याच भागात मेंढीच्या लोकरीपेक्षा सरस लोकर देणारी झाडं आहेत, म्हणजे आपला कापूस. ती मात्र थाप निघाली नाही.

सगळ्यात जास्त वेळा उघडलेलं पान चौथ्या भागातलं. इजिप्तच्या नेको राजाने फिनिशियन खलाशांना आफ्रिकेला वळसा घालायला पाठवलं. दर शरद ऋतूत ते किनाऱ्याला लागत, धान्य पेरत, कापणी झाली की पुढे निघत. तिसऱ्या वर्षी परतले आणि म्हणाले की पश्चिमेकडे जाताना सूर्य आमच्या उजव्या हाताला होता. हिरोडोटस लिहितो, माझा यावर विश्वास नाही, दुसऱ्या कोणाचा बसला तर बसो. विषुववृत्ताच्या खाली पश्चिमेकडे तोंड केलं तर दुपारचा सूर्य उत्तरेला, म्हणजे उजवीकडेच दिसणार. जी गोष्ट त्याला थाप वाटली तीच त्या प्रवासाच्या बाजूने सगळ्यात वजनदार ठरते. त्याने ती गाळली असती तर? मी मशीनवर बसलेली असताना वकील 'हे घेऊ नका' म्हणतात तेव्हा हल्ली मला ते फिनिशियन आठवतात.

मधल्या काळात हिरोडोटसनंतरचा ग्रीक इतिहासकार थ्युसिडिडीसही आणून पाहिला. तो कडक. साक्षीदार पक्षपाताने किंवा विसरल्यामुळे वेगवेगळं सांगतात, हे तो स्वच्छ लिहितो. तिथे मी मान डोलावली. पण पुढे कबूल करतो की भाषणं शब्दशः आठवणं अवघड, म्हणून त्या प्रसंगी जे बोलायला हवं होतं तसं, मूळ आशयाला धरून, मी लिहिलंय. लघुलेखकाच्या नोकरीत हे केलं तर त्याच दिवशी मेमो हातात. हिरोडोटसही भाषणं रचतो, यात वाद नाही. त्याच्यावर खटलेही कमी झाले नाहीत. पुढच्या काळातल्या प्लुटार्क या ग्रीक लेखकाने तर हिरोडोटसच्या खोडसाळपणावर स्वतंत्र निबंध लिहिला आणि तो परक्यांचा कैवारी असल्याचा ठपका ठेवला. मला तो दोष वाटत नाही. ग्रीकांबरोबर परक्यांचेही पराक्रम विसरले जाऊ नयेत, हे तो पहिल्याच वाक्यात सांगतो.

मॅरेथॉनमध्ये धावणाऱ्यांसाठी एक वाईट बातमी. इसवी सनापूर्वी ४९० मध्ये पर्शियनांशी झालेल्या मॅरेथॉनच्या लढाईनंतर 'आपण जिंकलो' म्हणत अथेन्समध्ये कोसळणारा धावपटू हिरोडोटसच्या पुस्तकात नाही, ती गोष्ट नंतरच्या लेखकांची. याच्याकडचा फिलिपिडीस लढाईआधी मदत मागायला अथेन्सहून स्पार्टाला जातो, सुमारे २४० किलोमीटर, आणि दुसऱ्या दिवशी पोचतो. स्पार्टन म्हणतात, येतो, पण पौर्णिमेनंतर. तारीख पे तारीख तेव्हाही होती.

कोणी घ्यावं? सलग वाचणाऱ्यांनी नको. हा माणूस एका नदीचं नाव घेतो आणि वीस पानं तिच्या काठाने भटकतो. पहिल्या शंभर पानांत नावांची एवढी गर्दी होते की मी वहीच्या मागे वंशावळ काढली. दुसरा भाग आधी वाचला तरी चालतो. झर्क्सिसशी झालेल्या थर्मोपिली आणि सॅलमिसच्या लढायांची वर्णनं उत्तमच, पण ती सगळ्यांनी कुठे ना कुठे वाचलेली असतात. नकाशे मात्र हवेतच, ते नसलेली आवृत्ती स्वस्त मिळाली तरी घेऊ नका. पाचपैकी साडेचार, अर्धा बांधणीपायी कापला.

सध्या पुस्तक आमच्या बेलिफांकडे आहे. समन्स बजावायला गावोगाव फिरतात, बसमध्ये वाचतात. परवा विचारत होते, "मॅडम, त्या मुंग्या खरंच होत्या का हो?" मी म्हटलं, सांगणारा कोण ते आधी बघा. ते म्हणाले, ते पान सुटून पडलं, मिळालं की सांगतो.