दोन शेडमध्ये केबल कोणती टाकावी: कॅट-६ की फायबर?

नाशिकच्या अंबड-सातपूरला कारखान्याच्या मागच्या प्लॉटवर नवी शेड उभी राहते, किंवा दिंडोरीकडे पॅकहाऊसपासून जरा लांब कोल्ड स्टोरेज बांधलं जातं. ऑफिसात इंटरनेट असतंच. ते पलीकडे न्यायचं, सात-आठ कॅमेरे आणि एक-दोन कॉम्प्युटर जोडायचे. हातात दोन कोटेशनं येतात, एक कॅट-६ चं (तांब्याच्या तारांची नेटवर्क केबल) आणि एक फायबरचं (प्रकाशावर चालणारी काचेच्या तंतूंची केबल), आणि मालक वेगावरून निवड करायला बसतात. एवढ्या कामाला १ जीबीपीएस (सेकंदाला एक गिगाबिट) भरपूर झालं आणि तेवढं दोन्ही केबल देतात. निवड ठरते ती अंतरावरून, आणि त्याहूनही जास्त आकाशातल्या विजेवरून.

तांब्याच्या इथरनेटला १०० मीटरची हद्द आहे: ९० मीटर पक्की केबल आणि १० मीटर पॅच कॉर्ड, म्हणजे टोकांना लावायच्या सुट्या तारा. हे अंतर पावलांनी मोजू नका. केबल भिंतीवर चढते, ट्रेमधून वळसे घेते, रॅकमध्ये थोडी गुंडाळून ठेवावी लागते. डोळ्यांना सत्तर मीटर वाटलेलं अंतर शंभरावर जातं. ‘आमचं एकशेवीस मीटरवरही चालतं’ असं सांगणारे भेटतात. चालत असेलही. पण तांबं तापलं की त्यातली सिग्नलची घट वाढते. डिसेंबरात निमूट चालणारी लाइन मे महिन्यात तापलेल्या पत्र्याखाली तुटायला लागते, आणि दोष मात्र स्विचवर (सगळ्या केबल एकत्र जोडणाऱ्या डब्यावर) येतो.

विजेचा मुद्दा याहून गंभीर आहे. मे महिन्यातला वळीव आणि ऑक्टोबरमधला परतीचा पाऊस आपल्याकडे कडकडाटासह येतो. दोन इमारतींची अर्थिंग वेगवेगळी असते. जवळपास वीज पडली की क्षणभर दोन्हीकडच्या जमिनीच्या विद्युत पातळीत प्रचंड फरक पडतो, आणि त्यांना जोडणारी तांब्याची तार त्या विजेला वाट करून देते. एका टोकाला स्विचचे पोर्ट जातात, दुसऱ्या टोकाला कॅमेरे. फायबर म्हणजे काच. तिच्यातून हा प्रवाह जातच नाही. एमआयडीसीत तर आकाश निरभ्र असतानाही वेल्डिंग आणि मोटारींचा वेग बदलणाऱ्या ड्राइव्हचा त्रास तांब्याला होतो, फायबरला होत नाही.

म्हणून माझं मत पक्कं आहे. दोन इमारतींच्या मध्ये फायबरच टाका, अंतर चाळीस मीटर असलं तरी. इमारतीच्या आत मात्र तांबं. कारण कॅमेऱ्याला वीजही हवी असते आणि पीओई स्विच ती त्याच केबलमधून देतो, जुन्या मानकाप्रमाणे पोर्टला १५.४ वॉट, पुढच्या मानकाप्रमाणे ३०. फायबरमधून कॅमेऱ्याला वीज मिळत नाही. पलीकडच्या शेडमध्ये छोटा पीओई स्विच आणि त्याला यूपीएस, हा खर्च फायबरच्या कोटेशनमध्ये धरलाय का ते पाहा. बऱ्याचदा धरलेला नसतो, आणि मग तुलनाच फसवी होते.

तांबं घेताना एक खात्री करा. बाजारात स्वस्त कॅट-६ म्हणून ३०५ मीटरचे जे खोके मिळतात, त्यांतल्या काहींत आत ॲल्युमिनियम असतं, वरून फक्त तांब्याचा मुलामा. तार ब्लेडने खरवडा. आतून पांढरी निघाली तर खोकं परत करा. अशी तार पीओईवर जास्त तापते आणि पंचिंग करताना, म्हणजे सॉकेटमध्ये दाबून बसवताना, तुटते.

आता फायबरमध्ये सिंगल मोड की मल्टिमोड? इथे फार वेळ घालवू नका. हे फायबरचे दोन प्रकार; ज्यातून प्रकाश जातो तो मल्टिमोडचा गाभा ५० मायक्रॉनचा, सिंगल मोडचा सुमारे ९. मल्टिमोडचं स्थान सर्व्हर रूममध्ये, किंवा जिथे ते आधीच टाकलेलं आहे तिथे. ओएम-३ या प्रकारच्या मल्टिमोड केबलवर १० जीबीपीएस ३०० मीटरपर्यंत जातं. सिंगल मोडवर तोच वेग कित्येक किलोमीटर जातो आणि केबलही स्वस्त पडते. शिवाय घरोघरी ब्रॉडबँडचं फायबर पोचल्यापासून नाशिकरोडपासून पिंपळगावपर्यंत स्प्लायसिंग करणारी (फायबर जोडणारी) मुलं मिळतात, आणि त्यांच्या बॅगेतलं सामान सिंगल मोडचंच असतं. रात्री लाइन तुटली तर याला महत्त्व आहे.

केबलची बांधणी जागेवरून ठरवा. जमिनीखालून न्यायची तर आर्मर्ड घ्या, कारण घुशी आणि उंदीर साधं आवरण कुरतडतात. निफाडकडच्या काळ्या जमिनीत आणखी एक गोष्ट लक्षात ठेवायला हवी. ती उन्हाळ्यात भेगाळते, पावसात फुगते आणि नुसती पुरलेली केबल ओढली जाते. तिथे एचडीपीई (प्लास्टिकचा) पाइप हवाच, दोन्ही टोकांना मोकळी गुंडाळीही हवी, आणि खोली नांगराच्या फाळापासून सुरक्षित अशी, तीन फूट तरी. आर्मर म्हणजे पोलादी पट्टी; ती इमारतीत शिरताच कापून अर्थिंगला जोडायची, रॅकपर्यंत आणायची नाही. नाहीतर फायबर घेऊनही विजेला वाट तुम्हीच करून दिलीत. खांबांवरून न्यायची असेल तर आत धातूच नसलेली केबल घ्या.

पण फायबरचं काम बिघडतं ते बहुधा टोकांना. आकडे पाहा: सिंगल मोडमध्ये १३१० नॅनोमीटर तरंगलांबीच्या प्रकाशावर किलोमीटरला साधारण ०.३५ डीबी (डेसिबल, सिग्नलची घट मोजायचं एकक) घट होते. म्हणजे २०० मीटर केबलमध्ये ०.१ डीबीसुद्धा नाही. नीट केलेला फ्यूजन जॉइंट (काच वितळवून केलेला सांधा) ०.०५ च्या आसपास, चांगला कनेक्टर ०.३ पर्यंत. धूळ बसलेला किंवा ओढूनताणून बसवलेला कनेक्टर मात्र सगळ्या केबलपेक्षा कितीतरी जास्त प्रकाश खातो. म्हणून केबलच्या ब्रँडवर घासाघीस करण्यापेक्षा हे ठरवा की टोकाला पिगटेल (कनेक्टर आधीच लावलेला फायबरचा तुकडा) फ्यूजनने जोडून बॉक्समध्ये बसवायची, की जागेवर दाबून बसवायचा फास्ट कनेक्टर लावायचा. फास्ट कनेक्टर घरच्या जोडणीला ठीक, तापणाऱ्या आणि थरथरणाऱ्या शेडला नाही. तिथे फ्यूजनच. आणि रंग जुळवा: हिरवा कनेक्टर ८ अंशांत तिरका घासलेला असतो, निळा तसा नसतो. हिरव्यात निळा बसतो, पण मध्ये फट राहते आणि सिग्नल मार खातो.

फायबर स्विचला जोडायला मीडिया कन्व्हर्टर (फायबरचा सिग्नल तांब्यावर आणणारी वेगळी डबी) की एसएफपी (थेट स्विचमध्ये बसणारा छोटा मॉड्यूल)? स्विचला एसएफपीची खाच असेल तर एसएफपी. कन्व्हर्टरला प्रत्येक टोकाला वेगळा ॲडॉप्टर लागतो, आणि आधी जातो तो ॲडॉप्टरच. एका कोरवर (फायबरच्या एकाच तंतूवर) चालणारे एसएफपी घेतले तर ते जोडीचेच हवेत, एक १३१० नॅनोमीटरवर पाठवणारा आणि दुसरा १५५० वर.

दोन कोर लागत असतील तर सहा कोरची केबल टाका. खर्चाचा मोठा भाग खोदाईचा असतो आणि ती दुसऱ्यांदा करावी लागू नये. सगळे सहा कोर दोन्ही टोकांना जोडून घ्या, पॉवर मीटरने (पोचणारा प्रकाश मोजणाऱ्या यंत्राने) मोजून घ्या आणि प्रत्येकाचं रीडिंग बॉक्सच्या झाकणाच्या आतल्या बाजूला लिहून घ्या. नुसता एका टोकाला लावलेल्या लाल पेनचा उजेड दुसऱ्या टोकाला दिसला म्हणजे लाइन चांगली असं होत नाही. बिलाचा शेवटचा हप्ता या रीडिंगनंतरच द्यायचा, असं कोटेशनवरच लिहून घ्या.