सेकंडहँड गाड्यांचा डीलर परवाना काढून देतो म्हणणाऱ्याने आम्हाला कसं फसवलं

जुन्या गाड्यांच्या खरेदी-विक्रीचा धंदा करणाऱ्यांनी हे वाचावं, आणि आपली गाडी कुणाच्या गाळ्यावर विकायला सोडणाऱ्यांनीही वाचावं, म्हणून सगळं सविस्तर लिहिते आहे. आमचा गाळा सांगली जिल्ह्यात, हायवेला लागून आहे. यजमान आणि धाकटे दीर गाड्या बघतात. हिशेब, कागदपत्रं, बँक हे माझ्याकडे. त्यामुळे या प्रकरणातला कागद न् कागद माझ्या हाताखालून गेलेला आहे.

आधी नियम सांगते, कारण फसवणूक नेमकी तिथूनच सुरू होते. केंद्रीय मोटार वाहन नियम १९८९ चे. त्यांत डिसेंबर २०२२ मध्ये दुरुस्ती झाली आणि १ एप्रिल २०२३ पासून ती लागू झाली. त्याआधी सेकंडहँड गाड्यांच्या धंद्याला आरटीओच्या लेखी तसं अस्तित्वच नव्हतं. मालक २९ आणि ३० नंबरच्या फॉर्मवर, म्हणजे गाडी दुसऱ्याच्या नावावर करायच्या फॉर्मवर, कोऱ्या सह्या करून द्यायचा, गाडी गाळ्यावर उभी राहायची, गिऱ्हाईक मिळालं की नावावर व्हायची. मधल्या काळात गाडी कुणाची, याचं उत्तर कागदावर एकच होतं: जुन्या मालकाची. नव्या नियमाने 'नोंदणीकृत वाहनांचे अधिकृत डीलर' असा वर्ग तयार केला. त्यासाठी नोंदणी प्राधिकरणाकडे, म्हणजे आरटीओकडे, अर्ज करून प्राधिकारपत्र घ्यायचं. मग गाडी ताब्यात आली की मालक आणि डीलर दोघांनी मिळून परिवहन खात्याच्या पोर्टलवर तसं कळवायचं. तिथून पुढे त्या गाडीची जबाबदारी डीलरवर येते. गाडी नावावर करणं, फिटनेस, डुप्लिकेट आरसी, एनओसी (ना हरकत पत्र) यांचे अर्जही डीलर स्वतः करू शकतो.

नियम चांगला आहे, हे मी आजही म्हणते. पण आमच्या लाइनमध्ये तो कुणी नीट समजावून सांगितलाच नाही. कुणी म्हणे शॉप अ‍ॅक्ट असला की पुरे, कुणी म्हणे ट्रेड सर्टिफिकेट लागतं, कुणी म्हणे हे सगळं मोठ्या कंपन्यांसाठी आहे. या गोंधळावरच त्या माणसाने आपलं दुकान मांडलं.

डिसेंबर २०२४ मध्ये जैसलमेरच्या जीएसटी कौन्सिलच्या बैठकीत डीलरला जुन्या गाड्यांवर मिळणाऱ्या नफ्यावरचा कर सगळ्या प्रकारच्या गाड्यांसाठी १८ टक्के ठरला. त्या बातमीने आमच्याकडे बरीच घबराट झाली होती. जानेवारीत हा एजंट गाळ्यागाळ्यावर फिरू लागला. "शेठ, सरकार आता सेकंडहँडवाल्यांच्या मागे लागलंय. आधी जीएसटी झाला, आता परवाना. मार्चनंतर विनापरवाना गाड्या उचलणार आहेत." हायवेवरच्या एका हॉटेलच्या हॉलमध्ये त्याने आम्हा गाळेवाल्यांची बैठकच घेतली. पोहे-चहा झाला, प्रोजेक्टर लावला, नियमाची कलमं पडद्यावर दाखवली. त्याने तिथे सांगितलेलं बहुतेक सगळं खरं होतं. नियम खरा, तारीख खरी, फॉर्मचे नंबर खरे. खोटं एवढंच होतं की हा परवाना त्याच्यामार्फत मिळतो आणि सगळं काम त्याच्या 'ऑफिस'मधून होतं. नव्व्याण्णव खऱ्या गोष्टींत एक खोटी मिसळली की शंका कुठून घ्यायची हेच कळत नाही.

पैसे त्याने तुकड्यातुकड्याने घेतले. आधी सरकारी फी, मग सिक्युरिटी डिपॉझिट, मग इन्स्पेक्शनचा खर्च. उद्यम नोंदणीचे वेगळे, शॉप अ‍ॅक्टचे वेगळे. उद्यम, म्हणजे छोट्या धंद्यांची सरकारी नोंदणी, सरकारी पोर्टलवर पूर्ण मोफत असते. शॉप अ‍ॅक्टसाठी महाराष्ट्रात दहापेक्षा कमी कामगार असलेल्या दुकानाने त्या वेळी २०१७ च्या कायद्याप्रमाणे फक्त ऑनलाइन सूचना द्यायची होती. या दोन्हींचे त्याने आमच्याकडून हजारांत पैसे घेतले. सगळी रक्कम मिळून ७८ हजारांच्या घरात गेली, आणि ती सगळी एका व्यक्तीच्या यूपीआयवर गेली. पावती मागितली तर म्हणायचा, "वहिनी, चलन सर्टिफिकेटबरोबरच येतं."

पण पैशांपेक्षा कागदांचं नीट सांगते, कारण खरा घाव तिथे बसला. आधार, पॅन, गाळ्याचा भाडेकरार, लाइटबिल हे तर त्याने घेतलंच. त्याशिवाय आमच्या गाळ्याची कोरी लेटरहेड, शिक्का आणि दिरांची सही मारून. कारण काय सांगितलं? साहेब अर्जाचा मायना सारखा बदलतात, दर वेळी तुम्हाला धावपळ नको. दीर म्हणाले, "मायना आला की आम्ही टाइप करून देतो ना." तर हसून म्हणाला, "दादा, फाईल एका दिवसासाठी मागे पडली तर पुढच्या बॅचला जाते." आणि पोर्टलला वेगळा मोबाइल नंबर लागतो म्हणून दिरांच्या नावाने नवं सिम काढून तेही स्वतःकडे ठेवलं.

थोड्या दिवसांनी गळ्यात ओळखपत्र अडकवलेला एक माणूस 'इन्स्पेक्शन'ला आला. गाळ्याचे, बोर्डाचे, उभ्या गाड्यांचे, दिरांचे गाड्यांसमोर उभं करून फोटो काढले. मग लॅमिनेट केलेलं सर्टिफिकेट आलं. वर राजमुद्रा, खाली गोल शिक्का, कोपऱ्यात क्यूआर कोड. मुदत एक वर्ष. "दर वर्षी रिन्यू करायचं, मी आहेच," असं एजंट म्हणाला.

उन्हाळ्यात एका निवृत्त गुरुजींनी आपली कार आमच्याकडे विकायला ठेवली. त्यांचा मुलगा पुण्यात नोकरीला. त्याने फोन करून सरळ विचारलं, "काकू, गाडी तुमच्या ताब्यात दिल्याची पोर्टलची पोच बाबांना कधी देताय?" मागणी अगदी रास्त होती. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये नवीन कुमार विरुद्ध विजय कुमार या खटल्यात स्पष्ट केलं आहे की गाडी विकली गेली, पुढे आणखी हातांतून गेली, तरी आरटीओच्या नोंदीत ज्याचं नाव आहे तोच अपघाताच्या भरपाईसाठी मालक धरला जातो. सत्तरी ओलांडलेल्या माणसाच्या डोक्यावर तो धोका का ठेवायचा? मी पोर्टलवर आमचं खातं शोधायला बसले. आमच्या नावाचा कुणी डीलर तिथे नव्हताच. एजंट चार दिवस "सर्व्हर डाऊन आहे" म्हणत राहिला, मग फोन उचलेना.

सर्टिफिकेट घेऊन यजमान आणि मी आरटीओत गेलो. तिथल्या अधिकाऱ्यांनी ते हातात घेतलं आणि खुर्ची ओढून आम्हाला बसायला सांगितलं. त्यांनी जे दाखवलं ते इथे लिहिते, म्हणजे कुणालाही घरबसल्या पडताळता येईल. आमच्या सर्टिफिकेटवर 'फॉर्म १७' छापलं होतं. तो ट्रेड सर्टिफिकेटचा नमुना. ट्रेड सर्टिफिकेट असतं नव्या, अजून नोंदणी न झालेल्या गाड्यांसाठी, म्हणजे शोरूमवाल्यांना. जुन्या गाड्यांच्या डीलरचा अर्ज फॉर्म २९-ए मध्ये आणि प्राधिकारपत्र २९-बी मध्ये असतं. दुसरं, मुदत. २०२२ च्या बदलांनंतर ट्रेड सर्टिफिकेटही पाच वर्षांचं झालं आहे आणि जुन्या गाड्यांचं प्राधिकारपत्रही पाच वर्षांचंच असतं. एक वर्षाची मुदत दोन्हींपैकी कशातच बसत नाही. क्यूआर कोड स्कॅन केला तर नुसतं एक चित्र उघडलं, त्याच सर्टिफिकेटचा फोटो. आणि वरचा नंबर निघाला दुसऱ्याच गावातल्या दुचाकींच्या शोरूमचा.

तोवर आम्हाला वाटत होतं की पैसे गेले, एवढंच झालं.

मग दुसऱ्या जिल्ह्यातल्या पोलीस ठाण्यातून दिरांना नोटीस आली. साक्षीदार म्हणून नव्हे, संशयित म्हणून. एका दूध संकलन करणाऱ्या माणसाने ४ लाख २० हजारांना एक पिकअप घेतली होती. तिच्यावर फायनान्सचा बोजा होता. त्याला बँकेची खोटी एनओसी आणि खोटा फॉर्म ३५, म्हणजे कर्ज फिटल्यावर आरसीवरचा बोजा उतरवायचा फॉर्म, देण्यात आला होता. हप्ते थकलेलेच होते, फायनान्सवाल्यांनी रस्त्यात गाडी अडवून ओढून नेली. त्याच्या हातात उरली ती डिलिव्हरी नोट: आमच्या लेटरहेडवर, आमच्या शिक्क्याची, दिरांच्या सहीची. सोबत आमच्या नावाच्या 'सरकारमान्य' सर्टिफिकेटची झेरॉक्स आणि गाळ्याचे फोटो. तेच फोटो, जे इन्स्पेक्शनच्या नावाने आमच्याच दारात काढले होते. त्या माणसाने फोनवर खात्री करायला विचारलं होतं, आणि फोन लागला होता त्या नव्या सिमवर. समोरून कुणीतरी दिरांचं नाव सांगून बोललं होतं.

तो दूधवाला आमच्याकडे आला तेव्हा रागाने आला होता आणि त्याचा राग बरोबर होता. त्याच्या दृष्टीने त्याला आम्हीच फसवलं होतं. बायकोचे दागिने गहाण ठेवून त्याने पैसे उभे केले होते, गाडी नसल्याने दुधाचे कॅन भाड्याच्या टेम्पोत न्यावे लागत होते. त्याच्याशी बोलताना दिरांच्या तोंडून शब्द फुटेना. हा धंदा विश्वासावर चालतो, आणि आमच्याच नावाने एका कष्टाच्या माणसाचा विश्वास मोडला गेला, याचं दुःख ७८ हजारांपेक्षा कितीतरी मोठं आहे.

आम्हाला सोडवलं ते जपून ठेवलेल्या नोंदींनी. एजंटचा व्हॉट्सअ‍ॅप मेसेज, "५ लेटरहेड कोरी, शिक्का सही मारून", तसाच्या तसा होता. यूपीआयचे सगळे व्यवहार बँकेच्या स्टेटमेंटवर होते. म्हणून सांगते, रागाच्या भरात चॅट डिलीट करू नका, नंबर ब्लॉक करायच्या आधी सगळं बाहेर काढून ठेवा. आम्ही एजंटविरुद्ध तक्रार द्यायला गेलो तेव्हा आधी पोलीस ठाण्यात आम्हाला सांगण्यात आलं की हा पैशांचा व्यवहार आहे, दिवाणी कोर्टात जा. हे उत्तर ऐकून बरेच जण परत फिरतात. फिरू नका. खोटं सरकारी सर्टिफिकेट बनवणं आणि ते खरं म्हणून वापरणं हा फौजदारी गुन्हा आहे. भारतीय न्याय संहितेत फसवणुकीला कलम ३१८ आहे, बनावट दस्तऐवजासाठी ३३६, आणि तो वापरण्यासाठी ३४०. आम्ही पोलीस अधीक्षकांकडे लेखी अर्ज दिला, आरटीओचं पत्र जोडलं, मग गुन्हा दाखल झाला. पैसे ऑनलाइन गेले असतील तर १९३० या सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनवर लगेच फोन करा. रक्कम पुढच्या खात्यांत फिरायच्या आत तक्रार गेली तरच ती गोठवता येते. आमच्या बाबतीत तो काळ उलटून गेला होता.

त्यानंतर आम्ही अर्ज स्वतः केला. अर्ज भरताच अर्ज क्रमांक आमच्याच मोबाइलवर आला, फी ऑनलाइन भरली, सरकारी पावती तिथेच निघाली. ज्याला मोबाइलवर फॉर्म भरता येतो त्याला हे जमतं, नाहीतर घरातल्या कॉलेजच्या मुलाला बसवा. सल्लागार लावायला हरकत नाही, माझा त्याला विरोध नाही. पण अर्जावर नंबर तुमचा हवा, ओटीपी तुमच्या हातात हवा आणि फी तुमच्या खात्यातून थेट सरकारी चलनावर जायला हवी. यातल्या एकाला जरी तो नाही म्हणाला तर तिथेच थांबा. प्राधिकारपत्र मिळालं म्हणून काम संपत नाही, हेही ध्यानात ठेवा. ताब्यातली गाडी ट्रायल, दुरुस्ती, पासिंग अशा कामांसाठीच बाहेर काढायची आणि प्रत्येक फेरीची नोंद इलेक्ट्रॉनिक रजिस्टरमध्ये ठेवायची. ते काम आता माझ्याकडे आहे.

जुनी गाडी घेणाऱ्यांना एक विनंती. गाळ्याच्या भिंतीवरचं सर्टिफिकेट बघून पैसे देऊ नका. गाडीचा नंबर सरकारच्या एमपरिवहन अ‍ॅपवर टाका. फायनान्सचा बोजा असेल तर तिथे दिसतो, आणि जोवर दिसतो आहे तोवर हातातली एनओसी कितीही खरी वाटली तरी तिच्यावर विसंबू नका, थेट फायनान्स कंपनीच्या शाखेत जाऊन विचारा.

एजंट सध्या जामिनावर बाहेर आहे. दूधवाल्याची पिकअप परत मिळालेली नाही. दीर त्याच्या बाजूने साक्षीला उभे राहणार आहेत. त्या हॉलमधल्या बैठकीला आलेल्या बऱ्याच गाळेवाल्यांनी धंद्यात नाव खराब होईल म्हणून अजून तक्रारच दिलेली नाही. त्यांना माझं हात जोडून सांगणं आहे: सर्टिफिकेट भिंतीवरून उतरवा, वर 'फॉर्म १७' आणि खाली एक वर्षाची मुदत असेल तर ते घेऊन आधी आरटीओत आणि मग पोलीस ठाण्यात जा. कोरी लेटरहेड किंवा सिम दिलं असेल तर सिम आजच बंद करा आणि किती लेटरहेड गेली ते लेखी कळवून पोच घ्या. ती लेटरहेड वापरून आणखी कुणाला गाडी विकली जायच्या आत हे व्हायला हवं.