सैतानाचा इतिहास सांगणारी श्राव्य व्याख्यानमाला : एक अभिप्राय

सैतान या कल्पनेचा इतिहास सांगणारी ही व्याख्यानमाला मी पूर्ण ऐकली आणि तिचे पहिले दोन भाग पुन्हा लावले. विषय पाहता घोगऱ्या आवाजातील भयकथेची धास्ती होती. येथे सुरुवात होते ती एका शब्दाच्या अर्थापासून. हिब्रूत ‘सातान’ म्हणजे विरोधक, आरोप करणारा. बायबलमधील ईयोब या भक्ताच्या कथेत हा शब्द ‘हा-सातान’ असा येतो, म्हणजे तेथे ते नाव नसून एक पद आहे. तो देवाच्या दरबारात हजर असतो, ईयोबाच्या भक्तीविषयी शंका घेतो आणि देवाची परवानगी मिळेपर्यंत त्याच्या केसालाही धक्का लावत नाही. हा दरबारी फिर्यादी पुढे देवाचा शत्रू कसा ठरला, हे वक्त्याने जराही घाई न करता उलगडले आहे. उत्पत्तीच्या पुस्तकातील सापाला तेथे कोठेही सैतान म्हटलेले नाही आणि लुसिफर हे नाव बाबेलच्या राजाला उद्देशून म्हटलेल्या ‘पहाटेचा तारा’ या शब्दांच्या लॅटिन भाषांतरातून आले, हे ऐकल्यावर मी थांबून ते उतारे स्वतः काढून वाचले.

सोबतच्या चित्रांत इटलीतील राव्हेन्ना येथील 6व्या शतकातील एक भित्तिचित्र आहे. ख्रिस्ताच्या एका हाताला मेंढ्या आणि तांबडा देवदूत, दुसऱ्या हाताला शेरडे आणि निळा देवदूत. त्या निळ्या देवदूताला अनेक अभ्यासक सैतानाचे सर्वांत जुन्या चित्रणांपैकी एक मानतात, पण त्याला ना शिंगे आहेत ना शेपूट; चेहरा शांत, तरुण आहे. या एका चित्रावर वक्ता बराच वेळ रेंगाळतो, आणि ते योग्यच आहे.

इब्लीसवरील, म्हणजे इस्लामी परंपरेतील सैतानावरील, भाग मला सर्वांत मोलाचा वाटला. अग्नीपासून घडलेला इब्लीस मातीच्या आदमपुढे झुकण्यास नकार देतो तो अहंकारापायी. परंतु 922 साली देहदंड झालेल्या हल्लाजसारख्या सूफीने त्याच नकारात ईश्वराखेरीज कोणापुढेही न झुकणारी निष्ठा पाहिली. लोककथांतील, पुलावरून जाणाऱ्या पहिल्या जिवाच्या बोलीवर पूल बांधणारा आणि शेवटी बोकडावर बोळवण होणारा सैतान मात्र थोडक्यात आटोपला आहे, आणि त्यामागचे संगीत कानाला त्रास देते.

खरी तक्रार बौद्ध कथांतील ‘मार’ या पात्राविषयी आहे. वक्ता त्याला सरळ ‘बौद्धांचा सैतान’ म्हणतो, आणि शब्दाशब्दाचा हिशेब ठेवणाऱ्या या मालेत ही चूक फार खटकते. ज्या परंपरेत सृष्टी निर्माण करणारा ईश्वरच मानलेला नाही, तेथे मार बंड कोणाविरुद्ध करणार? तो मोहाचा आणि मृत्यूचा अधिपती आहे. पाली सुत्तांत तो पुन्हा पुन्हा येतो आणि बुद्धाने आपल्याला ओळखले हे कळताच खिन्न होऊन नाहीसा होतो. ईयोबाच्या भागाला जेवढा वेळ दिला त्याच्या निम्मा जरी या प्रसंगाला दिला असता, तरी हा भाग सावरला असता. तो नव्याने ध्वनिमुद्रित करावा, अशी विनंती मी निर्मात्यांना लेखी कळवली आहे. तोपर्यंत नव्या श्रोत्यांनी ईयोब आणि इब्लीस यांवरील भाग सलग ऐकावेत.